जिल्हा परिषद, नगर परिषद, महापालिकेतील निलंबन : आदेशाला कायदेशीर आव्हान कसे द्यावे

निलंबनाचा आदेश हातात पडला की बहुतेक कर्मचारी लगेच एक लांबलचक खुलासा लिहायला बसतात आणि आपण निर्दोष कसे आहोत, हे सांगण्यात पानामागून पाने खर्च करतात. तो खुलासा पुढे विभागीय चौकशीत उपयोगी पडेल. निलंबनाला आव्हान देण्याच्या कामी मात्र त्याचा उपयोग थोडाच, कारण अपिलीय प्राधिकारी किंवा उच्च न्यायालय या टप्प्यावर आरोप खरे की खोटे, याच्या खोलात शिरत नाही. तिथे पाहिले जाते ते वेगळेच. आदेश काढणाऱ्याला तसा अधिकार होता का, त्याने स्वतः विचार करून तो काढला का, प्रकरण निलंबनाइतके गंभीर होते का, आणि निलंबन किती काळ व कोणत्या कारणाने चालू ठेवले गेले. पुढील मजकूर महाराष्ट्रातील स्थानिक स्वराज्य संस्थांच्या कर्मचाऱ्यांना समोर ठेवून लिहिला आहे.

आपण नेमके कोणाचे नोकर, हे आधी ठरवा

एकाच आवारात काम करणाऱ्या दोघांची दाद मागण्याची ठिकाणे पूर्णपणे वेगळी असू शकतात. जिल्हा परिषदेचा ग्रामसेवक, कनिष्ठ सहायक, आरोग्य सेवक किंवा प्राथमिक शिक्षक हा जिल्हा सेवेतील कर्मचारी असतो आणि त्याला 'महाराष्ट्र जिल्हा परिषद जिल्हा सेवा (शिस्त व अपील) नियम, १९६४' लागू होतात. त्याच इमारतीत बसणारे उपमुख्य कार्यकारी अधिकारी किंवा तालुक्याचे गट विकास अधिकारी मात्र राज्य शासनाच्या सेवेत असतात. त्यांना 'महाराष्ट्र नागरी सेवा (शिस्त व अपील) नियम, १९७९' लागू होतात. नगर परिषदेच्या मुख्याधिकाऱ्यांचेही तसेच आहे. महापालिकेच्या कर्मचाऱ्यासाठी १९४९ च्या महाराष्ट्र महानगरपालिका अधिनियमाचे कलम ५६ पाहावे लागते, तर मुंबई महापालिकेला १८८८ चा स्वतंत्र अधिनियम आहे. नगर परिषदेचा कर्मचारी १९६५ च्या अधिनियमाखाली येतो. ग्रामपंचायतीने स्वतः नेमलेला शिपाई किंवा पाणीपुरवठा कर्मचारी १९५८ च्या ग्रामपंचायत अधिनियमाच्या कलम ६१ खाली येतो. तो जिल्हा परिषदेचा कर्मचारी नसतो.

ही विभागणी समजून न घेतल्यामुळे होणारे नुकसान मोठे असते. शासकीय कर्मचारी निलंबनाविरुद्ध महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, म्हणजे ज्याला सगळे 'मॅट' म्हणतात तिथे जातात, हे ऐकून जिल्हा परिषदेचा कर्मचारीही तिकडेच धाव घेतो. पण १९८५ च्या प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियमानुसार स्थानिक प्राधिकरणांचे कर्मचारी राज्य न्यायाधिकरणाच्या कक्षेत येण्यासाठी शासनाची स्वतंत्र अधिसूचना लागते, आणि महाराष्ट्रात जिल्हा परिषद व महापालिकांच्या कर्मचाऱ्यांना मॅटचे दार उघडे नाही. तिथे अर्ज करून तो परत येईपर्यंत गेलेले महिने अर्ध्या पगारावर काढावे लागतात. अशा कर्मचाऱ्याचा मार्ग आधी विभागीय अपील आणि नंतर उच्च न्यायालय असाच आहे.

आदेश हाती आल्यावर

आदेश स्वीकारावा आणि स्वीकारल्याची तारीख व वेळ सहीसोबत लिहावी. आदेश घ्यायला नकार दिल्याने निलंबन टळत नाही. उलट तो नकारच पुढे गैरवर्तन म्हणून दोषारोपपत्रात येऊ शकतो. मग तो सावकाश वाचून पुढील गोष्टी टिपून ठेवाव्यात : कोणत्या नियमाखाली आदेश काढला आहे, चौकशी प्रस्तावित आहे की सुरू आहे याचा उल्लेख आहे का, सही कोणाची आहे, निलंबन काळातील मुख्यालय कोणते दिले आहे, आणि निर्वाह भत्त्याबद्दल (निलंबन काळात पगाराऐवजी मिळणाऱ्या रकमेबद्दल) काय म्हटले आहे. ज्या चौकशी अहवालाचा किंवा तक्रारीचा संदर्भ आदेशाच्या वरच्या भागात दिलेला असतो, त्याची तारीख फार महत्त्वाची ठरते, हे पुढे लक्षात येईल.

पदभार यादी करूनच द्यावा आणि यादीवर घेणाऱ्याची सही घ्यावी. मूळ नस्ती (फाइल) घरी नेण्याचा मोह कितीही झाला, तरी तो टाळावा; तो स्वतंत्र गुन्हा होऊ शकतो. हवी असलेली कागदपत्रे लेखी अर्ज करून मागावीत आणि त्याच वेळी माहिती अधिकार अधिनियम, २००५ खाली आपल्या निलंबनाच्या नस्तीतील टिपणी व पत्रव्यवहाराच्या प्रती मागणारा स्वतंत्र अर्ज दहा रुपयांचा न्यायालयीन मुद्रांक लावून द्यावा. चौकशीला बाधा येईल असे कारण देऊन माहिती नाकारली गेली, तर पहिले अपील करावे. टिपणी मिळाली तर पुष्कळदा सगळ्या प्रकरणाचा उलगडा तिच्यातूनच होतो.

ठरवून दिलेले मुख्यालय परवानगीशिवाय सोडू नये. निलंबित असतानाही सेवा संपलेली नसते. वर्तणूक नियम लागू राहतात आणि दुसरी नोकरी किंवा धंदा करता येत नाही.

कोणत्या मुद्द्यावर आदेश टिकत नाही

सर्वांत आधी एक गैरसमज दूर केला पाहिजे. 'मला कारणे दाखवा नोटीस न देताच निलंबित केले' हा मुद्दा जवळजवळ प्रत्येक अपिलात पहिल्या क्रमांकावर असतो आणि जवळजवळ नेहमीच फेटाळला जातो. चौकशीच्या अपेक्षेने केलेले निलंबन ही शिक्षा नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने वारंवार सांगितले आहे आणि म्हणून निलंबनापूर्वी म्हणणे ऐकून घेण्याचे बंधनही नाही. हा मुद्दा घ्यायचाच असेल तर शेवटी घ्यावा.

अधिकाराचा मुद्दा त्याहून कितीतरी भक्कम आहे. निलंबनाचा अधिकार सामान्यतः नियुक्ती प्राधिकाऱ्याला, त्याच्या वरिष्ठाला किंवा नियमाने अधिकार दिलेल्या प्राधिकाऱ्याला असतो. जिल्हा परिषदेत ते बहुधा मुख्य कार्यकारी अधिकारी असतात. प्रभारी अधिकाऱ्याने, पदाधिकाऱ्याने किंवा अधिकार प्रदान झालेले नसताना खातेप्रमुखाने सही केली असेल, तर नियुक्ती आदेश व अधिकार प्रदानाचा आदेश शेजारी ठेवून तो दोष दाखवता येतो. महापालिकेच्या बाबतीत कलम ५६ मधील एक तरतूद विशेष लक्षात ठेवण्यासारखी आहे. कलम ४५ खाली नेमलेल्या अधिकाऱ्याला आयुक्तांनी निलंबित केले, तर त्यांनी ते कारणांसह लगेच महापालिकेला कळवावे लागते आणि सहा महिन्यांत महापालिकेने ते निलंबन कायम केले नाही तर ते संपुष्टात येते. आपले पद या वर्गात मोडते का, हे नियुक्ती आदेशावरून तपासावे.

दुसरा मुद्दा स्वतंत्र विचाराचा. लोकप्रतिनिधीने जाहीर बैठकीत, कधी विधिमंडळाच्या सभागृहातही, 'याला आजच निलंबित करा' असे सांगावे आणि संध्याकाळी आदेश निघावा, हे आपल्याकडे सर्रास घडते. लोकप्रतिनिधींना तक्रार करण्याचा पूर्ण अधिकार आहे. पण कायद्याने जो अधिकार एका विशिष्ट अधिकाऱ्याला दिला आहे तो त्याने दुसऱ्याच्या सांगण्यावरून वापरला, तर तो वापरच सदोष ठरतो. हे सिद्ध करायला तारखा लागतात. बैठकीची तारीख, तिचे इतिवृत्त, प्राथमिक अहवालाची तारीख आणि टिपणी सादर झाल्याची तारीख एका कागदावर ओळीने मांडावी. अहवाल येण्याआधीच आदेश निघाला असेल, तर वेगळा युक्तिवाद फारसा करावा लागत नाही. आदेशात जे कारण नाही ते नंतर प्रतिज्ञापत्रातून भरून काढता येत नाही, हे मोहिंदर सिंग गिल प्रकरणात १९७७ साली सर्वोच्च न्यायालयाने घालून दिलेले तत्त्व येथे कामी येते.

तिसरा मुद्दा गांभीर्याचा. ओरिसा राज्य विरुद्ध बिमल कुमार मोहंती या १९९४ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की निलंबन हा प्रशासनाचा नित्याचा सोपस्कार होता कामा नये. आरोपांचे गांभीर्य आणि हाती असलेला पुरावा यांचा विचार करूनच ते झाले पाहिजे. बैठकीला गैरहजेरी, अहवाल पाठवण्यात उशीर, उद्दिष्ट अपुरे राहणे अशा कारणांवरून निलंबन झाले असेल, तर त्या आरोपांसाठी अखेर मोठी शिक्षा होण्याची शक्यता किती, हा प्रश्न नेटाने विचारावा. मात्र अपहार, लाच, अभिलेखात खाडाखोड किंवा महिलेच्या छळाची तक्रार असेल, तर या मुद्द्यावर वेळ घालवू नये, असे माझे स्पष्ट मत आहे. तिथे पुढे सांगितलेला नव्वद दिवसांच्या मुदतीचाच मुद्दा कामाचा.

द्वेषभावनेचा आरोप सर्वांत अवघड. तो करायचा असेल तर कोणी, केव्हा, कोणत्या कारणाने आकस धरला हे तपशिलाने लिहावे लागते आणि त्या व्यक्तीला नावाने प्रतिवादी करावे लागते. 'राजकीय हेतूने' एवढे मोघम वाक्य लिहून काहीही साधत नाही आणि बाकीचे चांगले मुद्देही त्यामुळे फिके पडतात.

लाचलुचपत प्रतिबंधक विभागाच्या सापळ्यात किंवा अन्य गुन्ह्यात अटक होऊन ४८ तासांहून अधिक काळ कोठडीत राहावे लागले, तर अटकेच्या दिवसापासून निलंबन झाल्याचे मानले जाते. १९७९ च्या नियम ४ मध्ये ही तरतूद आहे आणि जिल्हा सेवेतही ती याच धर्तीवर लागू होते. एरवी मागील तारखेपासून निलंबन करता येत नाही; हा त्याला अपवाद. जामिनावर सुटल्याबरोबर मानीव निलंबन आपोआप संपते असे अनेकांना वाटते, पण ते आदेशाने मागे घेतले जाईपर्यंत चालू राहते. त्यामुळे सुटल्यावर पुनर्स्थापनेसाठी लेखी अर्ज करणे अटळ आहे.

नव्वद दिवसांचा हिशेब

माझ्या मते आजच्या घडीला कर्मचाऱ्याच्या हातातील सर्वांत धारदार साधन हेच आहे. अजय कुमार चौधरी विरुद्ध भारत सरकार या प्रकरणात १६ फेब्रुवारी २०१५ रोजी सर्वोच्च न्यायालयाने ठरवले की तीन महिन्यांत दोषारोपपत्र बजावले गेले नाही, तर निलंबन त्यापुढे चालू ठेवू नये. आणि बजावले गेले असेल, तर निलंबन वाढवण्यासाठी कारणे देणारा आदेश काढला पाहिजे. त्यानुसार महाराष्ट्र शासनाच्या सामान्य प्रशासन विभागाने ९ जुलै २०१९ रोजी शासन निर्णय काढून ९० दिवसांच्या आत दोषारोपपत्र बजावण्याची दक्षता घेण्यास सांगितले. निलंबनाचा ठरावीक काळाने आढावा घेण्याच्या तरतुदी त्याआधीच १४ ऑक्टोबर २०११ च्या शासन निर्णयात होत्या. 'हा शासन निर्णय राज्य कर्मचाऱ्यांसाठी आहे, जिल्हा परिषदेला नाही' असे उत्तर मिळाले, तर मूळ तत्त्व सर्वोच्च न्यायालयाचे आहे आणि संविधानाच्या अनुच्छेद १४१ नुसार ते सर्वांवर बंधनकारक आहे, हे लेखी निदर्शनास आणावे.

या निकालाचा लाभ कसा घ्यावा, याबद्दल मात्र सावध राहिले पाहिजे. एक्याण्णवाव्या दिवशी स्वतःहून कार्यालयात जाऊन हजेरीपटावर सही करू नये. निलंबन मागे घेण्याचा आदेश मिळवावाच लागतो. दुसरी गोष्ट अधिक महत्त्वाची. ज्या अधिकाऱ्याच्या प्रकरणात हा निकाल लागला, त्याला दोषारोपपत्र तोपर्यंत मिळालेले होते, म्हणून त्या निर्देशांचा लाभ त्याला होऊ शकला नाही. याचा व्यवहारातला अर्थ असा की ९० दिवस उलटूनही दोषारोपपत्र आलेले नसेल, तर थांबू नये. निलंबन मागे घेण्याचा अर्ज त्याच आठवड्यात आवक कक्षात द्यावा, शिक्का मारलेली पोच घ्यावी, आणि थोड्या दिवसांत उत्तर आले नाही तर याचिका दाखल करावी. चार-सहा महिने वाट पाहिली आणि दरम्यान दोषारोपपत्र आले, तर हातातला पक्का मुद्दा कच्चा होतो. तसे झालेच, तर निलंबन चालू ठेवण्याचा सकारण आदेश निघाला आहे का, हे विचारावे; पुष्कळदा तो निघालेलाच नसतो.

फौजदारी प्रकरणात कार्यालय सांगते की कागदपत्रे तपास यंत्रणेकडे आहेत, म्हणून दोषारोपपत्र देता येत नाही. २०१९ च्या शासन निर्णयात तपास यंत्रणेकडून आवश्यक कागदपत्रे मिळवून विभागीय कार्यवाही सुरू करण्याबाबतही सूचना आहेत, त्यामुळे हे उत्तर पुरेसे नाही. खटला वर्षानुवर्षे चालणार असेल आणि साक्षीदारांवर दबाव येण्याची शक्यता उरलेली नसेल, तर निलंबन लांबवण्याने काही साधत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१८ साली तामिळनाडू राज्य विरुद्ध प्रमोद कुमार या प्रकरणात म्हटले आहे. अशा वेळी 'मूळ जागी घ्या' असा हट्ट न धरता अन्य ठिकाणी, अकार्यकारी (थेट निर्णयाचे अधिकार नसलेल्या) पदावर पुनर्स्थापना मागणे शहाणपणाचे ठरते.

अपील

निलंबनाच्या आदेशाविरुद्ध अपील करता येते. १९७९ च्या नियमांत त्यासाठी ४५ दिवसांची मुदत आहे. इतर सेवांच्या तरतुदी वेगवेगळ्या असल्याने आदेश मिळाल्यापासून एक महिन्याच्या आत अपील दाखल करण्याची सवय सर्वांनाच सुरक्षित ठेवते. जिल्हा परिषदेच्या मुख्य कार्यकारी अधिकाऱ्यांच्या आदेशाविरुद्धचे अपील विभागीय आयुक्तांकडे जाते. अपील स्वतःच्या नावाने, संयत भाषेत लिहावे. आदेशाची प्रत जोडावी. एक प्रत आदेश काढणाऱ्या प्राधिकाऱ्याकडेही द्यावी. वर सांगितलेले मुद्दे क्रमांक घालून लिहावेत आणि शेवटी दोन मागण्या स्वतंत्रपणे कराव्यात : आदेश रद्द करावा आणि अपिलाचा निर्णय होईपर्यंत त्याला स्थगिती द्यावी. उशीर झाला असेल तर विलंब माफीचा अर्ज कारणांसह सोबत द्यावा.

उच्च न्यायालय

अपील न करताच संविधानाच्या अनुच्छेद २२६ खाली याचिका केली, तर पहिला प्रश्न 'पर्यायी मार्ग का वापरला नाही' हाच येतो. अधिकार नसलेल्याने आदेश काढला असेल किंवा नव्वद दिवसांचा मुद्दा उघड असेल, तर थेट याचिकेला आधार आहे. अन्यथा अपील दाखल करून ते प्रलंबित राहिल्याचे दाखवणे बरे. याचिका कुठे करायची हे जिल्ह्यावर अवलंबून आहे : विदर्भासाठी नागपूर खंडपीठ, मराठवाडा आणि अहिल्यानगर, जळगाव, धुळे व नंदुरबार या जिल्ह्यांसाठी छत्रपती संभाजीनगर खंडपीठ, आणि १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूर, सातारा, सांगली, सोलापूर, रत्नागिरी व सिंधुदुर्ग या सहा जिल्ह्यांसाठी कोल्हापूरचे सर्किट बेंच. सहा जिल्ह्यांतील लहान पगाराच्या कर्मचाऱ्यांची मुंबईची खेप त्यामुळे वाचली आहे, ही मोठी सोय आहे.

जिल्हा परिषद कर्मचाऱ्याच्या याचिकेत सामान्यतः ग्रामविकास विभागामार्फत राज्य शासन, विभागीय आयुक्त आणि मुख्य कार्यकारी अधिकाऱ्यांमार्फत जिल्हा परिषद हे प्रतिवादी असतात. नगर परिषद किंवा महापालिकेसाठी नगरविकास विभाग. वकिलांना भेटताना निलंबन आदेश, नियुक्ती आदेश, अपील व त्याची पोच, सगळे अर्ज, वेतनचिठ्ठ्या आणि तारखांचा एक पानी तक्ता न्यावा. मागण्या ठरवताना वकिलांना पर्यायी मागणी अवश्य घालायला सांगावी. आदेश रद्द करणे शक्य नसेल, तर पुनर्स्थापनेच्या अर्जावर अमुक आठवड्यांत निर्णय द्यावा, चौकशी ठरावीक मुदतीत संपवावी आणि वाढीव दराने निर्वाह भत्त्याची थकबाकी द्यावी. प्रत्यक्षात अनेक याचिका अशाच मुदतबंद निर्देशांवर निकाली निघतात, आणि त्या निर्देशामुळे कार्यालयात पडून राहिलेली नस्ती हलते. आदेशाची प्रमाणित प्रत कार्यालयात देऊन तिचीही पोच घ्यावी.

महापालिका, नगर परिषद किंवा त्यांच्या परिवहन उपक्रमातील सफाई, पाणीपुरवठा, कार्यशाळा अशा विभागांतील कर्मचारी 'कामगार' या व्याख्येत बसत असेल, तर १९७१ च्या अनुचित कामगार प्रथा कायद्याखाली औद्योगिक न्यायालयात तक्रार हा मार्ग असतो आणि तिची मुदत ९० दिवसांची आहे. २१ नोव्हेंबर २०२५ पासून केंद्राच्या नव्या कामगार संहिता लागू झाल्या असल्याने हा मार्ग निवडण्यापूर्वी संघटनेच्या वकिलांकडून आपल्या आस्थापनेला आज काय लागू आहे, ते पडताळून घ्यावे.

निर्वाह भत्ता

१९८१ च्या महाराष्ट्र नागरी सेवा (पदग्रहण अवधी, स्वीयेतर सेवा आणि निलंबन, बडतर्फी व सेवेतून काढून टाकणे यांच्या काळातील प्रदाने) नियमांतील नियम ६८ नुसार पहिले तीन महिने अर्धवेतनी रजेच्या वेतनाइतकी रक्कम व तिच्यावरील महागाई भत्ता मिळतो. त्यानंतर विलंब कर्मचाऱ्यामुळे झालेला नसेल, तर या भत्त्यात त्याच्या निम्म्यापर्यंत वाढ करता येते, म्हणजे तो मूळ वेतनाच्या सुमारे पाऊणपट होतो. ही वाढ आपोआप होत नाही. तीन महिने संपताच अर्ज करावा. दरमहा 'अन्यत्र नोकरी, व्यवसाय करत नाही' असे प्रमाणपत्र वेळेवर द्यावे, म्हणजे भत्ता अडवायला निमित्त उरत नाही.

भत्ता मुळीच मिळत नसेल तर ते सहन करू नये. पूर्वी मुंबई नागरी सेवा नियमांत अशी तरतूद होती की कनिष्ठ न्यायालयात शिक्षा झालेल्या निलंबित कर्मचाऱ्याला अपील प्रलंबित असताना महिना फक्त एक रुपया निर्वाह भत्ता मिळे. महाराष्ट्र राज्य विरुद्ध चंद्रभान ताले या १९८३ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने ती तरतूद रद्द केली. भत्ता न मिळाल्यामुळे चौकशीला हजर राहता आले नाही, तर ती चौकशीच दूषित होते, हे घनश्याम दास श्रीवास्तव (१९७३) आणि कॅप्टन पॉल अँथनी (१९९९) या प्रकरणांत ठरले आहे. त्यासाठी मात्र त्या वेळीच 'भत्ता मिळालेला नाही, प्रवासाला पैसे नाहीत' असे चौकशी अधिकाऱ्यांना लेखी कळवलेले असले पाहिजे.

पुनर्स्थापनेनंतर

रुजू झाल्यावर अनेक जण सुटकेचा श्वास टाकून पुढचे काम सोडून देतात आणि निवृत्तीच्या वेळी सेवापुस्तकात निलंबन काळाची नोंदच नसल्याचे उघड होते. वर उल्लेखलेल्या १९८१ च्या नियमांतील नियम ७२ नुसार सक्षम प्राधिकाऱ्याने त्या काळातील वेतन किती आणि तो काळ कर्तव्यकाळ मानायचा की नाही, याचा स्वतंत्र आदेश काढावा लागतो. निलंबन सर्वस्वी असमर्थनीय होते असे ठरले तर पूर्ण वेतन मिळते. त्याहून कमी द्यायचे असेल तर आधी नोटीस देऊन म्हणणे मागवावे लागते. तशी नोटीस आली तर अपिलातले सगळे मुद्दे पुन्हा मांडून उत्तर द्यावे. चौकशी संपण्याआधीच निलंबित कर्मचाऱ्याचा मृत्यू झाला, तर तो काळ कर्तव्यकाळ मानून कुटुंबाला पूर्ण वेतन व भत्ते, दिलेला निर्वाह भत्ता वजा करून, मिळतात. ही तरतूद घरातल्या माणसांना माहीत असणे आवश्यक आहे, कारण त्या वेळी अर्ज त्यांनाच करायचा असतो.